विश्लेषण : हसलो आपण, लिहिलं कोणी? नगरमध्ये जन्मलेल्या स्पाइक मिलिगन यांची कारकीर्द आज का समजून घ्यायची?

विनोदी कार्यक्रमातला चाळीस सेकंदांचा तुकडा कापायचा, खाली कलाकारांची नावं टाकायची, दोन हसऱ्या इमोजी लावायच्या आणि पोस्ट करायचं. डिजिटल डेस्कवर हे काम मी आठवड्यातून अनेकदा करतो. मध्यंतरी अशाच एका तुकड्याखाली एका वाचकाने विचारलं, ‘भारी आहे, पण हे लिहिलंय कोणी?’ मला उत्तर माहीत नव्हतं. श्रेयनामावली त्या तुकड्यातून मीच कापली होती.

या प्रश्नाचं उत्तर शोधताना मी एका अशा लेखकापर्यंत पोहोचलो ज्याचा जन्म नगरचा आहे. जिल्ह्याला श्रीरामपूरचा झहीर खान माहीत आहे, संगमनेर तालुक्यातल्या आश्वी खुर्दचा अजिंक्य रहाणे माहीत आहे, सदाशिव अमरापूरकर तर घरचेच. पण ब्रिटिश रेडिओ आणि टीव्हीवरच्या विनोदाची घडी विस्कटून नवी बसवणारे स्पाइक मिलिगन नगरमध्ये जन्मले, हे नगरमध्येही फारसं कोणी सांगत नाही. त्यांच्या नावाने चौक करा, असं मला म्हणायचं नाही. त्यांच्या कारकिर्दीतून टीव्हीवरचा विनोद कसा तयार होतो, त्याची किंमत कोण मोजतं आणि लेखकाने त्यावर काय उपाय करावा, हे तिन्ही कळतं. मराठीत हे तिन्ही प्रश्न आज ताजे आहेत.

नगरशी नातं काय?

टेरेन्स ॲलन मिलिगन यांचा जन्म १६ एप्रिल १९१८ रोजी अहमदनगरमध्ये (आताचं अहिल्यानगर) झाला. ‘स्पाइक’ हे नाव नंतर पडलं. वडील लिओ मूळचे आयर्लंडचे आणि ब्रिटिश फौजेच्या तोफखान्यात नोकरीला. आई फ्लोरेन्स इंग्लंडची. नगर तेव्हाही छावणीचं गाव होतं. आज तिथे आर्मर्ड कोअरचं प्रशिक्षण केंद्र आणि रणगाडा संग्रहालय आहे. तेव्हा गोऱ्या पलटणी होत्या. फौजी कुटुंबाच्या नशिबी बदल्या ठरलेल्या. त्यामुळे मुलाचं बालपण पुण्यात आणि नंतर रंगूनमध्ये गेलं. १९३० च्या दशकाच्या सुरुवातीला कुटुंब इंग्लंडला ‘परतलं’. मुलगा मात्र परतला नव्हता, हिंदुस्थान आणि ब्रह्मदेशात वाढलेलं हे पोर लंडनच्या थंडीत जाऊन पडलं होतं.

म्हणजे नगरशी नातं जन्मापुरतं. ते ओढूनताणून मोठं करण्यात अर्थ नाही. पण साहेबांच्या छावणीतलं जग त्यांच्या लेखणीत कायम राहिलं. त्यांच्या रेडिओ कार्यक्रमातला मेजर ब्लडनॉक हा हिंदुस्थानात नोकरी केलेला, भित्रा, पैशाला हपापलेला फौजी अधिकारी आहे. साम्राज्याचा रुबाब मुलाच्या उंचीवरून पाहिला की त्यातलं हास्यास्पद आधी दिसतं, तसं ते पात्र आहे. लालकाका आणि बॅनर्जी या नावांची दोन हिंदी पात्रंही त्या कार्यक्रमात येतात.

विनोदापर्यंत ते पोहोचले कसे?

दुसऱ्या महायुद्धात मिलिगन तोफखान्यात संदेशवाहक शिपाई होते. उत्तर आफ्रिका आणि मग इटली. आफ्रिकेत त्यांच्या तुकडीची एक अजस्र तोफ मागे घसरून टेकडीवरून खाली कोसळली आणि खालच्या तंबूतल्या सैनिकांच्या अगदी जवळ पडली. तोफ शोधत मिलिगन खाली गेले आणि हरवलेली छत्री विचारावी तशी त्यांनी तोफेची चौकशी केली. खाली बसलेल्या सैनिकांत हॅरी सीकम नावाचा तरुण होता. पुढे दोघांनी मिळून दशकभर ब्रिटनला हसवलं.

जानेवारी १९४४ मध्ये इटलीत मोंते कासिनोच्या परिसरात ते तोफगोळ्याने जखमी झाले. अंगावरची जखम भरली, मनावरची भरली नाही. आघाताने ते कोसळले, हातावरची फीत काढून घेतली गेली आणि आघाडीवरून मागे पाठवण्यात आलं. युद्धाच्या शेवटच्या काळात सैनिकांच्या करमणुकीसाठी ते गिटार वाजवत फिरले.

लंडनला आल्यावर जिमी ग्राफ्टन यांच्या पबमध्ये मंडळी जमू लागली. ग्राफ्टन स्वतः विनोदलेखक होते. मिलिगन, सीकम, पीटर सेलर्स आणि मायकेल बेंटिन या चौघांचा कार्यक्रम बीबीसी रेडिओवर २८ मे १९५१ रोजी सुरू झाला. आधी नाव ‘क्रेझी पीपल’, मग ‘द गून शो’. तो जानेवारी १९६० पर्यंत चालला आणि दोनशेहून अधिक भाग झाले. लॅरी स्टीफन्स, एरिक साइक्स यांनी वेळोवेळी साथ दिली, पण लेखनाचा मुख्य भार मिलिगन यांच्यावर होता. वर ते त्यात पात्रंही करत.

दर आठवड्याला विनोद लिहिणं म्हणजे नेमकं काय?

हे समजून घेतल्याशिवाय पुढची गोष्ट कळणार नाही. एका हंगामात साधारण पंचवीस-सव्वीस भाग. प्रत्येक भाग अर्ध्या तासाचा. म्हणजे सहा महिने दर आठवड्याला एक नवी गोष्ट, नवे संवाद, नवे आवाज. ध्वनिमुद्रण आटोपलं की दुसऱ्या दिवशी पुन्हा कोरा कागद.

गंभीर मालिकेत एखादा भाग जरा सैल झाला तरी प्रेक्षक पुढच्या भागाची वाट पाहतो. विनोदात ती सवलत नाही. समोर बसलेले लोक हसले किंवा नाही हसले, निकाल जागच्या जागी लागतो. शिवाय जे एकदा चाललं ते दुसऱ्यांदा तसंच चालत नाही. गवंड्याला कालच्या विटेवर आजची वीट ठेवता येते. विनोदलेखकाला रोज पाया खणावा लागतो.

मिलिगन यांनी हे काम आणखी अवघड करून घेतलं होतं. रेडिओवरचा विनोद तोवर शाब्दिक असे. त्यांना आवाजातून चित्र उभं करायचं होतं. प्रत्येक स्फोट, प्रत्येक पाऊल, प्रत्येक पडझड त्यांच्या कल्पनेतल्यासारखी वाजली पाहिजे म्हणून ते बीबीसीच्या लोकांशी भांडत. बीबीसीने १९५८ मध्ये ‘रेडिओफोनिक वर्कशॉप’ हा इलेक्ट्रॉनिक ध्वनीचा विभाग काढला. त्याने सुरुवातीच्या काळात केलेल्या कामांत मेजर ब्लडनॉकच्या बिघडलेल्या पोटाचा आवाजही होता.

त्याची किंमत काय मोजली?

डिसेंबर १९५२ मध्ये मिलिगन कोसळले. भ्रमिष्ट अवस्थेत ते बटाटे सोलायची सुरी घेऊन शेजारी राहणाऱ्या पीटर सेलर्स यांच्यावर धावून गेले. रुग्णालयात ठेवावं लागलं. काही आठवडे कार्यक्रम त्यांच्याविना झाला. ते परतले आणि पुन्हा लिहू लागले. असे मोठे झटके त्यांना आयुष्यात अनेकदा आले. उन्माद आणि नैराश्य यांच्यात हेलकावणारा, आज ज्याला बायपोलर म्हणतात तो आजार त्यांना होता. गून शोच्या लेखनाने तब्येत गेली आणि पहिला संसार मोडला, असं ते पुढे सांगत राहिले.

इथे एक सावधगिरी हवी. ‘प्रतिभावंत थोडे वेडेच असतात’ हे वाक्य आपल्याकडे कौतुकाने बोललं जातं. ते घातक आहे. मिलिगन आजारी होते म्हणून चांगलं लिहीत नव्हते. आजारी असूनही लिहीत होते. कामाची आखणी मात्र अशी होती की आजारी माणसाला थांबायची सोय नव्हती. १९९३ मध्ये त्यांनी मानसोपचारतज्ज्ञ अँथनी क्लेअर यांच्यासोबत नैराश्यावर पुस्तक लिहिलं. हसवणाऱ्या प्रसिद्ध माणसाने आपल्या आजाराबद्दल इतकं उघड बोलणं ही त्या काळात साधी गोष्ट नव्हती.

टीव्हीवर त्यांनी काय बदललं?

१९५६ मध्ये रिचर्ड लेस्टर यांच्या दिग्दर्शनाखाली, पीटर सेलर्स यांना घेऊन ‘अ शो कॉल्ड फ्रेड’सारखे कार्यक्रम ब्रिटनच्या खासगी वाहिनीवर आले. मिलिगन त्यांचे प्रमुख लेखक होते. पण खरा बदल मार्च १९६९ मध्ये बीबीसी २ वर आलेल्या ‘क्यू ५’ने घडवला.

तोपर्यंत प्रहसनाची एक ठरलेली रचना होती. परिस्थिती मांडायची, ती चढवत न्यायची आणि शेवटी जोरदार वाक्यावर टाळी घ्यायची. मिलिगन यांनी शेवटच्या वाक्याची सक्तीच झुगारली. एक प्रसंग मध्येच सोडून दुसऱ्यात शिरायचं, गंमत संपली की तिथेच थांबायचं. या ‘क्यू’ मालिकेत पात्रांच्या कपड्यांवर बीबीसीच्या कपडेपटाच्या चिठ्ठ्या तशाच लटकत असत. आपण टीव्ही पाहतोय हे प्रेक्षकाला विसरू द्यायचं नाही, हाच विनोद.

त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये ‘माँटी पायथन्स फ्लाइंग सर्कस’ सुरू झालं. जगभरच्या विनोदवीरांनी ज्याला गुरू मानलं तो हा कार्यक्रम. त्यातले टेरी जोन्स यांनी पुढे मोकळेपणाने सांगितलं की, आम्ही जे करायच्या विचारात होतो ते मिलिगन यांनी आधीच करून दाखवलं होतं. ‘क्यू ५’चे दिग्दर्शक इयन मॅकनॉटन यांनाच पायथन मंडळींनी आपल्याकडे घेतलं. आज आपण रील पाहताना एक गंमत अर्धवट तुटते आणि दुसरी सुरू होते, ते आपल्याला खटकत नाही. त्या सवयीचं एक मूळ इथे आहे.

आणि नाव कोणाचं राहिलं? पायथनचं. ‘क्यू ५’चे काही भाग तर बीबीसीने टेप पुन्हा वापरण्यासाठी पुसूनही टाकले. लेखकाचं काम जपून ठेवण्याजोगं असतं, हे तेव्हा कोणाला वाटलं नव्हतं.

भाजीच्या दुकानावरचा सहकार काय होता?

मिलिगन यांच्या कारकिर्दीतला हा भाग नगरकरांना सर्वांत लवकर कळेल.

१९५४ च्या सुमारास मिलिगन, एरिक साइक्स, रे गॉल्टन आणि ॲलन सिम्प्सन या चौघांनी लंडनच्या शेफर्ड्स बुश भागात एका भाजी-फळांच्या दुकानाच्या वर खोल्या घेतल्या आणि ‘असोसिएटेड लंडन स्क्रिप्ट्स’ नावाची लेखकांची संस्था काढली. सामाईक कचेरी, सामाईक टंकलेखन आणि सर्वांत महत्त्वाचं म्हणजे सामाईक वाटाघाटी. एकटा लेखक वाहिनीच्या कचेरीत गेला की देतील ते घेऊन यायचा. आता त्याच्या बाजूने बोलायला माणूस होतं.

ते माणूस म्हणजे बेरिल व्हर्च्यू. त्या टंकलेखन आणि कचेरीच्या कामासाठी आल्या, हळूहळू लेखकांच्या प्रतिनिधी झाल्या आणि पुढे ब्रिटनच्या नामवंत निर्मात्या. संस्थेतले एक लेखक टेरी नेशन यांनी ‘डॉक्टर हू’साठी डालेक नावाचे यंत्रराक्षस लिहिले. त्यांच्या हक्कांचा वाटा लेखकाकडे राहील, अशी तजवीज व्हर्च्यू यांनी करारात करून ठेवली होती. डालेकची खेळणी बाजारात आली आणि नेशन श्रीमंत झाले. गॉल्टन-सिम्प्सन यांच्या ‘स्टेप्टो अँड सन’वरून अमेरिकेत ‘सॅनफर्ड अँड सन’ आलं. संस्थेतल्याच जॉनी स्पाइट यांच्या ‘टिल डेथ अस डू पार्ट’वरून ‘ऑल इन द फॅमिली’ निघालं. विनोदी मालिकेचा आराखडा परदेशी विकता येतो आणि त्यात लेखकाचा वाटा असतो, हे या भाजीच्या दुकानावरच्या मंडळींनी जगाला दाखवलं. आपल्याकडे ‘माइंड युवर लँग्वेज’वरून ‘जबान संभाल के’ आणि ‘यस मिनिस्टर’वरून ‘जी मंत्रीजी’ आलं. आराखड्याला बाजारात किंमत असते, हे त्यावरूनही दिसतं.

आता तारखा पाहा. नगर जिल्ह्यात प्रवरानगरला विठ्ठलराव विखे पाटील आणि धनंजयराव गाडगीळ यांच्या पुढाकाराने सहकारी साखर कारखाना १९५० च्या सुमारास उभा राहिला. एकेकट्या शेतकऱ्याला उसाचा भाव ठरवता येत नाही, कारण ऊस तोडल्यावर थांबत नाही. एकेकट्या लेखकालाही भाव ठरवता येत नाही, कारण शुक्रवारचं चित्रीकरण थांबत नाही. ज्याचा माल नाशवंत, त्याने एकत्र यायला हवं. हे लोणीच्या शेतकऱ्याला कळलं आणि अवघ्या चार वर्षांत, नगरमध्ये जन्मलेल्या एका लेखकाला लंडनमध्ये कळलं. दोघांचा एकमेकांशी काही संबंध नव्हता. गरज मात्र तीच होती.

सहकाराचे सगळे गुण-दोषही तिथे दिसले. १९६० च्या दशकाच्या अखेरीस मोठ्या भांडवलाच्या रॉबर्ट स्टिगवुड यांच्या कंपनीत संस्थेचा बराचसा भाग सामील झाला. व्हर्च्यू आणि काही लेखक तिकडे गेले. मिलिगन आणि साइक्स जुन्याच कचेरीत राहिले. पण तोवर लेखकाला आपल्या मालाची किंमत कळली होती.

मग वाद कसला?

मिलिगन यांची आरती ओवाळण्याआधी हेही सांगायला हवं. १९६९ मध्ये ‘करी अँड चिप्स’ नावाची मालिका आली. लेखक जॉनी स्पाइट होते. त्यात मिलिगन यांनी तोंडाला तपकिरी रंग फासून पाकिस्तानी-आयरिश कामगार रंगवला. वंशद्वेषाची टिंगल करणं हा हेतू होता, असं सांगितलं गेलं. प्रत्यक्षात शिव्याच जास्त ऐकू आल्या. सहा भागांनंतर नियामक मंडळाच्या आदेशावरून ती बंद झाली. तरीही १९७५ मध्ये मिलिगन यांनी नील शँड यांच्यासोबत ‘द मेल्टिंग पॉट’ लिहिली आणि पुन्हा तसंच पात्र केलं. पहिला भाग दाखवला गेला. पुढचे तयार भाग बीबीसीने दाखवलेच नाहीत.

यातली विसंगती बोचते. १९६२ च्या कॉमनवेल्थ इमिग्रंट्स कायद्याने, भारतात जन्मलेल्या आणि आयरिश बापाच्या या मुलाचा ब्रिटिश पासपोर्टवरचा आपसूक हक्क गेला होता. राजनिष्ठेची शपथ घ्यायला त्यांनी नकार दिला आणि वडिलांच्या नात्याने आयर्लंडचं नागरिकत्व घेतलं. ज्या देशासाठी लढताना जखमी झाले, त्या देशाने नगरचा जन्म पाहून त्यांना परकं ठरवलं. परकेपण इतकं जवळून पाहिलेल्या माणसाने परक्यांच्या कातडीचा रंग थट्टेसाठी वापरावा, हे पटत नाही. ‘तेव्हाचा काळ तसा होता’ असं म्हणून सोडूनही देता येत नाही, कारण त्याच काळातल्या मंडळाने ती मालिका बंद केली. आपल्या विनोदी कार्यक्रमांतही रंग, जाडी, बोली आणि साडी नेसलेला पुरुष यांवर सहज टाळ्या मिळतात. दर आठवड्याच्या घाईत सर्वांत आधी हाताला लागतो तो असाच विनोद. लेखकाला वेळ मिळाला नाही, तर तो दुबळ्यावर हसवून मोकळा होतो.

मराठीत काय चित्र आहे?

मराठीत विनोदलेखकाला मान होता. मुंबई दूरदर्शनवर ‘चिमणराव-गुंड्याभाऊ’ आली तेव्हा दिलीप प्रभावळकर आणि बाळ कर्वे घराघरांत पोहोचले, पण ती चिं. वि. जोशींची माणसं आहेत हे प्रत्येकाला ठाऊक होतं. ‘श्रीयुत गंगाधर टिपरे’ प्रभावळकरांच्याच ‘अनुदिनी’ या सदरातून आली, हेही लोकांना माहीत होतं. नाटकाच्या वर्तमानपत्री जाहिरातीत आजही लेखकाचं नाव असतं. एकांकिका स्पर्धेत लेखनाचं वेगळं बक्षीस असतं.

टीव्हीवर मात्र हा धागा तुटत गेला. नव्वदच्या दशकातली ‘श्रीमान श्रीमती’ ही हिंदी मालिका आठवून पाहा. केशव कुलकर्णी, कोकी, दिलरुबा, प्रेमा शालिनी ही नावं आठवतात. जतीन कनाकिया, रीमा लागू, राकेश बेदी, अर्चना पूरणसिंग हे चेहरेही आठवतात. ती मालिका लिहिणारे अशोक पाटोळे मराठी नाटककार होते. ‘आई रिटायर होतेय’ हे त्यांचंच नाटक. नाटककार पाटोळे मराठी माणसाला माहीत आहेत, टीव्हीलेखक पाटोळे किती जणांना माहीत आहेत?

अपवाद आहेत आणि तेच वाट दाखवतात. २०१४ मध्ये सुरू झालेल्या ‘चला हवा येऊ द्या’मध्ये सागर कारंडे पोस्टमन होऊन पत्र वाचत. ते पत्र अरविंद जगताप यांचं, हे लोकांना कळलं, कारण कार्यक्रमाने ते कळू दिलं. हसण्याच्या कार्यक्रमात लोक रडले आणि लिहिणाऱ्याचं नाव लक्षात राहिलं. २०१८ पासूनच्या ‘महाराष्ट्राची हास्यजत्रा’त समीर चौघुले, प्रसाद खांडेकर हे कलाकार लेखकही आहेत. पण ते पडद्यावर दिसतात म्हणून आपल्याला माहीत आहेत. जो फक्त लिहितो, त्याचं काय?

निर्मात्यांची बाजूही खोटी नाही. प्रहसन तालमीत बदलतं, कलाकार वाक्यं घालतात, चार जण मिळून लिहितात. मग नाव कोणाचं द्यायचं? उत्तर आहे, चौघांचं. अमेरिकेत श्रेयाचा वाद लेखकांची संघटनाच सोडवते. तिथल्या लेखकांनी २ मे ते २७ सप्टेंबर २०२३ असा १४८ दिवस संप केला. एका मालिकेमागे किमान किती लेखक असावेत आणि एआयला लेखक मानता येणार नाही, हे मुद्दे त्यांनी करारात आणले.

आपला कायदा काय सांगतो?

नव्या लेखकांना हे माहीत नसतं, म्हणून थोडक्यात.

एक : कॉपीराइट कायदा, १९५७ च्या कलम ५७ नुसार, हक्क विकल्यानंतरही ‘हे मी लिहिलं’ असं सांगण्याचा लेखकाचा अधिकार शाबूत राहतो. नाव देणं हा निर्मात्याचा मोठेपणा नाही.

दोन : २०१२ च्या दुरुस्तीने, चित्रपटात वापरलेल्या साहित्यकृतीच्या लेखकाला, चित्रपटगृहाबाहेरच्या वापरातून येणाऱ्या रॉयल्टीत समान वाटा मिळण्याचा हक्क दिला. हा हक्क करारात सही करून सोडताही येत नाही. कायद्याच्या व्याख्येत चित्रपट म्हणजे दृश्य ध्वनिमुद्रित कृती, त्यामुळे टीव्हीचा लेखक त्यातून आपोआप वगळला जात नाही. या दुरुस्तीसाठी जावेद अख्तर यांनी राज्यसभेत आणि बाहेर लढा दिला.

तीन : करारात मुदत लिहिलेली नसेल, तर हक्क पाच वर्षांसाठीच दिले असं कायदा मानतो. म्हणून ‘कायमस्वरूपी’ आणि ‘जगभर’ हे शब्द दिसले की सही करण्याआधी थांबा आणि विचारा. मुंबईत स्क्रीनरायटर्स असोसिएशन आहे, तिथे संहितेची ऑनलाइन नोंदणी होते.

कायदा आहे, तरी वसुली सोपी नाही. पुढच्या हंगामात काम हवं असलेला पंचविशीतला लेखक निर्मात्याला कलम दाखवत नाही. म्हणूनच भाजीच्या दुकानावरची ती खोली मला कलमांपेक्षा मोठी वाटते.

आता काय व्हायला हवं?

माझं मत साधं आहे. मराठी विनोदी कार्यक्रमांनी प्रत्येक प्रहसनाच्या सुरुवातीला पडद्यावर लेखकाचं नाव द्यावं, म्हणजे तुकडा कापला तरी नाव सोबत जाईल. वाहिन्यांनी आपल्या यूट्यूब वर्णनात ते लिहावं. आठवड्याचे भाग वाढवताना लेखकही वाढवावेत आणि हंगामांमध्ये सुट्टी ठेवावी. लेखकांनी पाच-सहा जणांचे का होईना, एकत्र वाटाघाटी करणारे गट करावेत. सहकार शिकायला आपल्याला लंडनला जायची गरज नाही. आणि हसवणाऱ्याला बरं वाटत नसेल, तर ते बोलायला लाज वाटू नये. केंद्र सरकारची टेली-मानस ही मोफत सेवा १४४१६ या क्रमांकावर मराठीतही बोलते.

मिलिगन २७ फेब्रुवारी २००२ रोजी वयाच्या ८३ व्या वर्षी गेले. आयर्लंडचे नागरिक असल्यामुळे ब्रिटनने त्यांना नाइटहूड दिलं तेही मानद. इंग्लंडमधल्या विंचेल्सी गावात त्यांचं थडगं आहे. त्यावर त्यांना हवं असलेलं वाक्य होतं, ‘मला बरं नाही असं सांगितलं होतं ना.’ चर्चच्या अधिकाऱ्यांना ते इंग्रजीत कोरणं प्रशस्त वाटेना. शेवटी ते आयरिश भाषेत कोरलं गेलं. लोक ते वाचून हसतात. मला ते आधी विनोद म्हणून आवडलं. त्यांचं आयुष्य वाचल्यावर ती तक्रार वाटू लागली. पन्नास वर्षं ते खरोखरच सांगत होते.

राहिला त्या वाचकाचा प्रश्न. लेखकाचं नाव शोधायला मला पूर्ण भाग काढून शेवटपर्यंत पाहावा लागला. श्रेयनामावली इतकी झरझर पळत होती की तीन वेळा थांबवून नाव वाचलं. लेखक दोघे होते. जुन्या पोस्टमध्ये दुरुस्ती करून दोघांचीही नावं टाकली. त्याला लागलेला वेळ, दोन मिनिटं.